प्रोड्यूसरचा फोन आला? चाल ऐकवायच्या आधी एवढं ठरवून घ्या

तुमचं एखादं गाणं चाललं, रील्सवर पसरलं, हळदीला डीजेवाले लावायला लागले, गणपतीत मंडळांनी वाजवलं, की थोड्याच दिवसात एक फोन येतो. "सर, मराठी फिल्म करतोय, म्युझिक तुमचंच पाहिजे, भेटू ना एकदा." मग अंधेरीत नाहीतर कोथरूडला भेट होते, नरेशन होतं, सगळे भारावतात, आणि त्या भारावलेल्या तासाभरात म्युझिकवाला हार्मोनियम नाहीतर गिटार पुढे ओढून दोन चाली ऐकवून मोकळा होतो. निर्माता खुश, दिग्दर्शकाने मोबाइलवर रेकॉर्ड करून घेतलेलं असतं, पैशाचं मात्र "ते बसून बोलू, घरचंच आहे" वर राहतं. पुढची सगळी भांडणं या "बसून बोलू" मधून निघतात.

मी अरेंजर आहे, म्हणजे चालीला वाद्यं बसवणारा, वकील नाही. निर्माता आणि संगीतकार यांच्या मधल्या खुर्चीत बसून दोन्ही बाजूंचं बरंच ऐकलंय, त्या जोरावर हे लिहितोय. सहीच्या आधी कॉपीराइट कळणाऱ्या वकिलाला कागद दाखवाच, आणि तो वकील फ्लॅटचे ॲग्रीमेंट करणारा तुमचा मामेभाऊ नको.

मुद्दा एकच आहे. चाल तुमच्या डोक्यात असेपर्यंत जोर तुमचा, चाल ऐकवली की निम्मा गेला, आणि फायनल मिक्स ड्राइव्हवर टाकून लिंक पाठवली की उरलेला पण गेला. त्यामुळे जे ठरवायचं ते पहिल्या सिटिंगच्या आधी. याने संबंध बिघडतात असं लोकांना वाटतं, मला उलट दिसलंय, ज्यांनी सुरुवातीला कटकट केली त्यांचेच निर्मात्यासोबत तीन तीन सिनेमे झालेत.

तुम्ही नक्की कोण म्हणून जाताय

निर्मात्याला तुमच्याकडून एक नाही, चार गोष्टी हव्या असतात, आणि तो त्या एका वाक्यात मागतो. एक चाल, म्हणजे संगीतकार म्हणून काम. दुसरा आवाज. तिसरा चेहरा, म्हणजे प्रमोशनल साँगमधे दिसणं, ट्रेलर लाँचला येणं, पोस्टरवर फोटो. चौथी गोष्ट तुमचे फॉलोअर्स, म्हणजे तुमच्या अकाउंटवरून टीझर टाकणं. कधी कधी पाचवी पण असते, "पैसे कशाला घेता, पार्टनरच व्हा." या प्रत्येकाचं वेगळं काम, वेगळा आकडा, वेगळं कलम. एका कागदावर रकाने पाडा आणि प्रत्येकापुढे हो, नाही किंवा वेगळे पैसे असं लिहा, मगच भेटायला जा.

मराठीत याचं सगळ्यात मोठं उदाहरण बालगंधर्व आणि प्रभातचं आहे. बोलपट आल्यावर संगीत नाटक मागे पडत होतं, गंधर्व नाटक मंडळी कर्जात होती, आणि प्रभात १९३३ ला कोल्हापुरातून पुण्यात येऊन एकदम जोरात होती. महाराष्ट्राचा सगळ्यात लाडका गाणारा नट आणि महाराष्ट्रातली सगळ्यात दमदार फिल्म कंपनी, याच्यावर जोडी कुठली असणार? १९३५ ला शांतारामबापूंचा 'धर्मात्मा' आला, त्यात बालगंधर्व संत एकनाथ. म्हणजे ज्याला लोकांनी भामिनी, रुक्मिणी, सिंधू म्हणून वर्षानुवर्षं डोक्यावर घेतलं त्याला पुरुषाची भूमिका दिली, आणि वन्समोअरवर जगलेल्या गायकाला समोर प्रेक्षक नसताना शॉट शॉट करून काम करायला लागलं. ती भागीदारी पुढे गेली नाही. आता गंमत बघा, त्याच सिनेमाचं संगीत मास्टर कृष्णरावांचं, तेही गंधर्व मंडळीतलेच, पण ते प्रभातमधे टिकले आणि पुढे 'माणूस', 'शेजारी' यांना चाली दिल्या. दोघे एकाच मंडळीतून आले, एकाला नावासाठी घेतलं होतं आणि दुसऱ्याला कामासाठी. माझं मत असं की तुमचं नाव कितीही मोठं असू दे, निर्मात्याकडे जाताना मास्टर कृष्णरावांसारखं ठराविक काम घेऊन जा, नाव आपोआप येतंच मागून.

समोर बसलाय तो खरंच निर्माता आहे का

हा प्रश्न वेडगळ वाटेल पण मराठीत एका पोस्टरवर निर्माते, सहनिर्माते, प्रस्तुतकर्ते मिळून आठ नावं असतात आणि तुम्हाला फोन करणारा बऱ्याचदा त्यातला कुणीच नसतो, तो "प्रोजेक्ट जुळवणारा" असतो. सरळ विचारा. बॅनर कुणाचं, सही कोण करणार, चेक कुणाच्या खात्यातून येणार. टायटल रजिस्टर झालंय का, निर्मात्यांच्या इम्पा या संघटनेकडे की चित्रपट महामंडळाकडे. पैसे शूटिंगपर्यंतचे उभे आहेत की पोस्ट प्रॉडक्शनपर्यंतचे. लाजायचं काही कारण नाही, जो खरा निर्माता असतो तो हे प्रश्न ऐकून उलट खुर्चीत नीट बसतो.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, म्युझिक लेबल, म्हणजे गाणी बाजारात आणणारी कंपनी, ठरलंय का? कारण मराठीत निर्माता गाण्यांचे हक्क स्वतःकडे ठेवत बसत नाही, तो ते लेबलला देतो आणि त्या पैशात प्रमोशनचा खर्च काढायला बघतो. लेबलसोबत कागद आधीच झाला असेल तर निर्माता तुम्हाला कितीही गोड बोलला तरी जे त्याने आधीच देऊन टाकलंय ते तो तुम्हाला देऊ शकत नाही. म्हणून लेबलच्या करारातला म्युझिकचा भाग बघायला मागा, आकडे झाकून दिला तरी चालेल. लेबल ठरायचं असेल तर तुमच्या करारात एक ओळ घाला की पुढे कुणाशीही करार झाला तरी या अटी त्याच्यावर बंधनकारक राहतील.

समोरच्याला नक्की काय हवंय हे शोधून काढण्यात पण खूप पैसा आहे. १९६४ चा बीटल्सचा पहिला सिनेमा घ्या. युनायटेड आर्टिस्ट्स या फिल्म कंपनीला सिनेमापेक्षा त्याच्या साउंडट्रॅकच्या अल्बममधे जास्त रस होता, कारण बीटल्सच्या रेकॉर्ड कंपनीच्या करारात सिनेमाची गाणी नीट बांधलेलीच नव्हती. बीटल्सचा मॅनेजर ब्रायन एपस्टाइन बोलणी करायला बसला आणि सिनेमाच्या कमाईतल्या साडेसात टक्क्यांच्या खाली आम्ही येणार नाही असं त्याने ठणकावून सांगितलं, आणि समोर निर्माता वॉल्टर शेन्सन आणि मंडळी पंचवीस टक्क्यांपर्यंत जायची तयारी करून बसलेली! एपस्टाइन काही साधा माणूस नव्हता, पण समोरच्याला अल्बम किती हवाय हे त्याला माहीतच नव्हतं. तर पहिला आकडा स्वतः बोलायच्या आधी "तुमचं म्युझिकचं बजेट काय धरलंय" एवढं विचारा आणि गप्प बसा. गप्प बसणं अवघड जातं आपल्याला, तरी बसा.

पैसे

पॅकेज हा शब्द ऐकला की सावध व्हा. पॅकेज म्हणजे एक गोळा रक्कम आणि त्यात स्टुडिओ, प्रोग्रॅमर, ढोलकी हलगीवाले, बासरी, गायक, कोरस, मिक्स, मास्टर सगळं तुमच्या गळ्यात. समजा सहा लाखात चार गाणी घेतली, तुम्ही हिशोब केला की दोन लाख हाताला लागतील, आणि मग दिग्दर्शक म्हणतो की हे रोमँटिक गाणं मुंबईच्या अमुक मोठ्या गायिकेकडून गाऊन घेऊ ना. झालं, तुमचे दोन लाख तिथेच. म्हणून पॅकेज घ्यायचंच असेल तर लिहून घ्या की गायक तुम्ही निवडलेले असतील तर पॅकेजमधे, निर्मात्याने सुचवलेले असतील तर मानधन निर्मात्याकडून थेट. लाइव्ह वादक किती शिफ्ट धरलेत ते लिहा. बॅकग्राउंड स्कोअर वेगळा, पाचवं गाणं वेगळं, प्रमोशनल साँग वेगळं. "टायटल म्युझिक तर छोटंसंच आहे" असं म्हणून फुकट मागतात, तेही वेगळं.

मला विचाराल तर फी आणि खर्च वेगळे ठेवणं केव्हाही बरं. फी तुमची, खर्च बिलाप्रमाणे निर्मात्याचा. निर्मात्यालाही बरं पडतं, कारण पॅकेजमधे पैसे संपले की शेवटच्या गाण्यातली खरी व्हायोलिनं जाऊन कीबोर्डची येतात, आणि ते थिएटरमधे कळतं.

हप्ते असे बांधा की सहीला एक, स्क्रॅच, म्हणजे कच्चं रेकॉर्डिंग, मंजूर झाल्यावर एक, गायकाचा फायनल आवाज रेकॉर्ड झाल्यावर एक, आणि शेवटचा फायनल मिक्स हातात द्यायच्या आधी. शेवटचा हप्ता "रिलीजच्या वेळी" असं कुणी लिहून आणलं तर अजिबात मान्य करू नका, कारण रिलीज तुमच्या हातात नसतं, सिनेमे दोन दोन वर्षं डब्यात पडून राहतात. मंजुरीसाठी पाठवायची एमपीथ्री पाठवा, त्यावर मधे मधे आवाजाचा शिक्का टाकून, पूर्ण दर्जाची वेव्ह फाइल आणि स्टेम्स, म्हणजे वाद्यांचे आणि आवाजाचे वेगवेगळे ट्रॅक, पैसे आल्यावर. यात अपमान वाटायचं काही नाही, सगळे मोठे लोक असंच करतात. टीडीएस कापला तर तो खरंच भरलाय का हे इन्कम टॅक्सच्या पोर्टलवर बघा. जीएसटीचं सीएला विचारा, संगीतकाराने चालीचे हक्क निर्मात्याला दिले तर तो कर भरायची जबाबदारी साधारणपणे निर्मात्यावर येते, गाण्याच्या मानधनाचं तसं नसतं, आणि हे दोन्ही एकाच बिलात कोंबलं की गोंधळ होतो.

हक्कांचं, हे दोनदा वाचा

एका गाण्यात तीन वेगवेगळी मालमत्ता असते. शब्द गीतकाराचे, चाल संगीतकाराची, आणि रेकॉर्डिंग, ज्याला मास्टर म्हणतात, ते ज्याने पैसे घालून करवून घेतलं त्याचं, म्हणजे बहुतेक वेळा निर्मात्याचं. गायकाचा आणि वादकाचा परफॉर्मर म्हणून हक्क यापेक्षा वेगळा. अरेंजर, प्रोग्रॅमर मंडळींना, म्हणजे आमच्यासारख्यांना, कायद्यात चालीचा मालक म्हणून जागा नाही, त्यामुळे आमच्यासोबत जे काही ठरवाल ते कागदावर प्रेमाने ठरवा.

१९७७ ला सुप्रीम कोर्टाने इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी, म्हणजे आयपीआरएसच्या केसमधे सांगितलं की निर्मात्याने पैसे देऊन सिनेमासाठी चाल करून घेतली तर वेगळा करार नसल्यास पहिला मालक निर्माता. म्हणजे जवळजवळ पस्तीस वर्षं आपल्याकडच्या संगीतकारांना एकदाच मानधन मिळालं आणि गाणं आयुष्यभर दुसऱ्यासाठी कमवत राहिलं. त्याच्याही आधी, साठच्या दशकात, लताबाईंनी गायकांना रॉयल्टी मिळावी म्हणून आवाज उठवला होता आणि रफीसाहेबांचं मत पडलं की मानधन मिळालं की विषय संपला, त्यावरून दोघांनी काही वर्षं एकत्र गाणंच सोडलं होतं. एवढं जुनं भांडण आहे हे.

२०१२ ला कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली, जावेद अख्तर यांनी राज्यसभेत त्यासाठी जोर लावला होता, आणि ती त्या वर्षीच्या जूनपासून लागू झाली. तेव्हापासून चित्र बदललं. आता सिनेमातल्या गाण्याची चाल आणि शब्द तुम्ही निर्मात्याला देऊन टाकले तरी रॉयल्टीतला तुमचा बरोबरीचा वाटा देऊन टाकता येत नाही. थिएटरमधे सिनेमासोबत गाणं वाजलं त्याचं काही मिळत नाही, पण टीव्ही, रेडिओ, स्ट्रीमिंग, हॉटेल, ऑर्केस्ट्रा, कॉलर ट्यून, सिनेमागृह सोडून जिथे जिथे वापर होईल तिथे मिळतं. हा वाटा फक्त वारसांना किंवा वसुलीसाठी कॉपीराइट सोसायटीला, म्हणजे रॉयल्टी गोळा करून वाटणाऱ्या संस्थेला, देता येतो. "मी रॉयल्टी सोडत आहे" असं तुमच्याकडून लिहून घेतलं असलं तरी कायद्यापुढे ते रद्दच. २०२३ ला मुंबई हायकोर्टाने रेडिओवाल्यांच्या केसमधे अंतरिम आदेशात हेच धरलं, रेकॉर्डिंगचे पैसे वेगळे आणि शब्द-चालीचे वेगळे.

तरी अजूनही जुन्या फॉरमॅटचे कागद फिरतात, त्यात रॉयल्टी सोडल्याचं कलम असतंच. लोक म्हणतात की रद्दच आहे तर असू दे ना. नको, काढायलाच लावा, कारण तो कागद दाखवून पुढे वर्षानुवर्षं पैसे अडवता येतात आणि कोर्टात जायला तुमच्याकडे ना वेळ ना पैसा.

करारात आणखी काय बघायचं. गाण्याचं नाव, कुठले हक्क, किती वर्षं, कुठल्या प्रदेशात, पैसे किती, हे सगळं लिहिलेलं पाहिजे आणि सही पाहिजे, तोंडी देणं धरलंच जात नाही. मुदत लिहिली नसेल तर कायदा ५ वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. घेतलेले हक्क वर्षभरात वापरलेच नाहीत तर ते परत तुमच्याकडे, अर्थात कागदात वेगळं लिहिलेलं नसेल तर, आणि लिहिलेलं असतंच, म्हणून शोधून बघा. "कायमस्वरूपी, संपूर्ण विश्वात, आज असलेल्या आणि पुढे शोध लागणाऱ्या सर्व माध्यमात" हे वाक्य दिसलं की तिथे पेन थांबवा. जे माध्यम आज अस्तित्वातच नाही त्याचे हक्क स्पष्ट नाव घेऊन लिहिल्याशिवाय जात नाहीत. हक्क देऊन टाकणं आणि वापरायची परवानगी देणं यात घर विकणं आणि भाड्याने देणं एवढा फरक आहे, नवीन माणसाला सगळं भाड्याने द्यायला कुणी देणार नाही, पण नाव असेल तर निदान मागून तरी बघा, किंवा १५-२० वर्षांनी हक्क परत असं तरी.

हे ऐकायला कोरडं वाटतं म्हणून एक ठसठशीत उदाहरण. २०१६ चा 'सैराट', नागराज मंजुळे आणि अजय-अतुल. गाणी चारच, पण लॉस एंजेलिसला जाऊन सिम्फनी ऑर्केस्ट्रासोबत रेकॉर्ड केलेली. मराठी सिनेमात असा खर्च म्हणजे संगीतकाराने नुसतं स्वप्न बघून चालत नाही, निर्मात्याने हो म्हणायला लागतं. पुढे काय झालं? कन्नडमधे २०१७ ला 'मनसु मल्लिगे' आला, हिंदीत २०१८ ला 'धडक', आणि त्या चाली तिकडे पण गेल्या, अजय-अतुल यांच्याच नावाने. आता विचार करा की तुमची चाल दुसऱ्या भाषेत गेली तर संगीतकार तुम्हीच राहणार की कुणीतरी "रिक्रिएट" करणार, पैसे नव्याने मिळणार की आधीच्यातच धरले, नवीन शब्द बसवताना चालीला हात लावायचा कुणी? रिमेक आणि डबिंगचं कलम पहिल्या करारात घाला. सिनेमा सुपरहिट झाल्यावर हे बोलायला कुणी फोन उचलत नाही.

आणि आता एक नवीन कलम लागतंच, एआयचं. आपल्या आवाजाची नक्कल करून गाणी बनवणाऱ्यांविरुद्ध गायक अरिजित सिंग मुंबई हायकोर्टात गेला आणि जुलै २०२४ ला त्याच्या बाजूने अंतरिम आदेश झाला. पण ते बाहेरच्यांविरुद्ध होतं. तुमच्याच निर्मात्याला तुम्ही आवाजाचे सगळे कोरडे ट्रॅक, म्हणजे इफेक्ट न लावलेला नुसता आवाज, दिलेले असतात, त्यामुळे लिहून घ्या की हे ट्रॅक कुठल्याही एआय मॉडेलला शिकवायला किंवा तुमच्या परवानगीशिवाय नवीन ओळ गाऊन घ्यायला वापरायचे नाहीत, एखादा शब्द दुरुस्त करायच्या पॅचवर्कला सुद्धा नाही.

नाव कुठे, कसं

क्रेडिटवरून जेवढी कायमची कट्टी होते तेवढी पैशावरून होत नाही. पडद्यावर नाव, पोस्टरवर नाव, यूट्यूबच्या डिस्क्रिप्शनमधे नाव, स्पॉटिफायच्या मेटाडेटात नाव, या चार वेगळ्या जागा आहेत आणि चारही लिहायच्या. गीतकाराचं नाव पोस्टरवरून गायब करायची वाईट सवय आपल्याकडे आहे, तुम्ही स्टार असाल तर त्याच्यासाठी पण भांडा.

उलटं पण होऊ शकतं. कोल्हापूरच्या भालजी पेंढारकरांसाठी 'मोहित्यांची मंजुळा', 'मराठा तितुका मेळवावा', 'साधी माणसं' अशा सिनेमांना "आनंदघन" नावाच्या संगीतकाराच्या चाली होत्या. आनंदघन म्हणजे लता मंगेशकर. देशातली सगळ्यात मोठी गायिका टोपणनावाने चाली करते आणि निर्माता ते झाकून ठेवतो, जाहिरातीत वापरत नाही, यासाठी काय विश्वास लागत असेल! 'साधी माणसं'ला राज्य पुरस्कार मिळाला तेव्हा ते उघड झालं. आजच्या निर्मात्याला असं काही झेपेल का, मला शंका आहे. पण टोपणनाव वापरणार असाल तर कॉपीराइट सोसायटीत ते तुमच्या खऱ्या नावाला जोडून ठेवा.

सिटिंग सुरू झाल्यावर

सगळ्यात आधी हे ठरवा की गाणं "फायनल" म्हणायचा अधिकार कुणाचा. एकाच माणसाचा पाहिजे. दिग्दर्शकाचा असेल तर दिग्दर्शकाचा, पण मग निर्मात्याच्या मिसेस, फायनान्सर आणि हिरोचा मेकअपमन यांची मतं त्या माणसामार्फत यावीत, थेट तुमच्या व्हॉट्सॲपवर नाही. प्रत्येक सिचुएशनला किती चाली द्यायच्या आणि मंजूर झाल्यावर किती वेळा बदल करायचे ते लिहा, तीन चाली आणि दोन बदल हे मला बरं वाटतं. नामंजूर झालेल्या चाली तुमच्याकडे परत येतात हेही लिहा, नाहीतर त्याच पुढच्या सिनेमात दुसऱ्याच्या नावाने ऐकू येतात.

रेफरन्स ट्रॅकचं एक दुखणं आहे. एडिटला तात्पुरतं कुणाचं तरी गाणं लावतात, महिनाभर ते ऐकून सगळ्यांच्या कानात बसतं आणि मग "तसंच पण वेगळं" मागतात. लेखी सांगा की रेफरन्स मूडसाठी आहे, आणि त्याच्यासारखं करायचा आग्रह निर्मात्याने केला तर उद्या कुणी केस केली तर जबाबदारी निर्मात्याची.

प्रत्येक सिटिंगनंतर रात्री एक मेसेज टाका, ग्रुपवर, साधासा: "नमस्कार सर, आज गाणं २ ची चाल ३ फायनल झाली. शब्दांचा दुसरा अंतरा गीतकार शुक्रवारपर्यंत देतील. फीमेल व्हर्जन हवं असेल तर ते आधी ठरलेल्या चार गाण्यांत नाही, वेगळं धरावं लागेल. काही वेगळं असेल तर उद्यापर्यंत सांगा." बस. करार कितीही जाड असला तरी भांडण झाल्यावर लोक हेच मेसेज उघडतात.

आता तुमची बाजू, कारण भागीदारी म्हणजे नुसतं मागणं नाही. निर्माता तुमच्यावर शूटिंगची तारीख बांधतो, गाणं वेळेत नाही आलं तर पन्नास डान्सर, क्रेन, लोकेशन सगळं बसून राहतं. तारीख पाळता येणार नसेल तर आठवडाभर आधी सांगा, आदल्या रात्री फोन बंद करू नका, हा आजार आपल्या लोकांत फार आहे. गायक, कोरस, वादक यांची परवानगीपत्रं तुम्ही गोळा करून द्यायची. सॅम्पल पॅक वापरला असेल तर त्याचं लायसन्स ठेवायचं, क्रॅक प्लगिनवर सिनेमा करू नका.

आणि "पारंपरिक" म्हणून काहीही उचलू नका. तुकोबांचे शब्द मोकळे आहेत, पण त्याची चाल श्रीनिवास खळ्यांची असली तर ती मोकळी नाही. कॉपीराइट लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं चालतो, म्हणजे १९६९ ला गेलेल्या अण्णाभाऊ साठ्यांचं लिखाण २०२९ संपेपर्यंत सुरक्षित आहे. जत्रेत ऐकलेल्या, कॅसेटवरच्या कितीतरी गाण्यांना शाहीर होते, त्यांची मुलं नातवंडं आहेत, त्यांना शोधा, पैसे द्या, नाव द्या. निर्मात्याला हे आधी सांगितलंत तर तो खर्च धरतो, रिलीजच्या आठवड्यात नोटीस आली तर मात्र तो तुमच्याकडेच बघणार.

प्रमोशनचे दिवस मोजून लिहा. म्युझिक लाँच, दोन शहरांचा दौरा, चार रील्स, असं. प्रवास आणि हॉटेल कुणाचं, सोबत किती माणसं. कॉलेज फेस्टला गाऊन दाखवायला सांगितलं तर तो लाइव्ह शो आहे, प्रमोशन नाही. आणि तुमच्या स्वतःच्या कॉन्सर्टमधे ही गाणी गायला तुम्हाला कुणाची परवानगी लागू नये, हेही घालून घ्या.

रिलीजच्या आधीच्या आठवड्यात

सगळे लाँचच्या गडबडीत असतात तेव्हा हे काम करा. संगीतकार आणि गीतकार असाल तर आयपीआरएसचं सदस्यत्व घ्या आणि प्रत्येक गाणं तिथे नोंदवा, गीतकारांना शब्द आधीच स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे रजिस्टर करून ठेवता येतात. गायक आणि वादकांसाठी तशीच इसामरा ही सोसायटी आहे. शब्द आणि चालीचा वाटा किती टक्के कुणाचा याचा एक कागद गीतकारासोबत आधीच सही करून ठेवा, दोघांनी मिळून चाल केली असेल तर फारच गरजेचं. बॅकग्राउंड स्कोअर केला असेल तर क्यू शीट बनवा, म्हणजे कुठला तुकडा किती मिनिटाला किती सेकंद वाजला त्याची यादी, ती नसेल तर टीव्हीवर सिनेमा दहा वेळा लागला तरी तुमचं स्कोअरचं काही पोचत नाही. लेबलकडून प्रत्येक ट्रॅकचा आयएसआरसी कोड, म्हणजे त्या रेकॉर्डिंगचा ओळख क्रमांक, मागून घ्या आणि यूट्यूबवर गाणं आलं की लगेच नावांची स्पेलिंगं तपासा, पहिल्या दिवशी दुरुस्त होतं, नंतर मेलवर मेल करत बसायला लागतं.

हिशोबाचं स्टेटमेंट किती महिन्यांनी येणार ते करारात असतं, सहा महिने म्हटलं असेल तर सातव्या महिन्याच्या पहिल्या आठवड्यात मेल टाका, फोन नको, मेल. आकडा शून्य आला तरी स्टेटमेंट मागायचंच. निर्मात्याकडून नाही आलं तर लेबलला कॉपी ठेवून परत पाठवा, आणि सगळ्या प्रोजेक्टचे सेशन, स्टेम्स, करार, मेसेजचे बॅकअप दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवा, एक घरी, एक दुसरीकडे कुठेतरी.